हेळव्याच्या पिशवीतली वही

नमस्कार बाई,

'बाई' अशासाठी, की प्रतिक्रियेखाली तुम्ही नाव न देता 'निवृत्त प्राथमिक शिक्षिका' एवढंच लिहिलंय, आणि आमच्या बेळगावकडच्या खानापूर भागात शाळेतल्या बाईंना बाईच म्हणतात, त्या निवृत्त होऊन वीस वर्षं झाली तरी.

उत्तराला आठवडा लागला. पहिल्या दिवशी नुसता राग आला होता, खोटं कशाला सांगू. मग तुमचं म्हणणं दोनदा वाचलं आणि लक्षात आलं, की यात राग येण्यासारखं जे आहे तेच बरोबर आहे.

ज्यांनी ती प्रतिक्रिया वाचली नाही त्यांच्यासाठी: गेल्या महिन्यात मी 'अक्षर आलं, आठवण गेली' अशा सुरात एक लेख लिहिला होता. त्यात आज्जीच्या जात्यावरच्या ओव्या होत्या, बैलावर बसून येणारा आणि घराण्याच्या पिढ्या घडाघडा म्हणून दाखवणारा हेळवी होता, आणि शेवटी बायकोचा मोबाइल नंबरसुद्धा पाठ नसलेला मी होतो. त्यावर बाईंचं म्हणणं असं. हेळवी तोंडपाठ सांगतो हे खोटं, त्याच्या पिशवीत वही असते. पहाटे चारला जातं ओढणाऱ्या बाईला ओवीपेक्षा दोन तास झोप मिळाली असती तर हवी होती, आणि तिचं कौतुक पीठ विकत आणणाऱ्यांनी करू नये. बाईंच्या आजोबांनी सावकाराच्या कागदावर अंगठा उठवला, कागदात काय होतं ते घरच्यांना जमीन गेल्यावर कळलं. आणि शेवटचं वाक्य जसंच्या तसं: "लिहिणं आलं नसतं तर आपल्या लोकांना इतिहासच नसता."

पहिल्या तिन्हींत मी तुमच्या बाजूला आहे. शेवटच्या वाक्यावर मात्र आपलं जमणार नाही.

आधी वही. असते, अगदी असते. लहानपणापासून बघत आलोय मी ती. खाकी कापडात गुंडाळलेली, कडा हात लागून लागून तेलकट झालेली. लेखातून ती मी मुद्दाम गाळली, कारण वही आली असती तर लेखाची हवाच गेली असती. आता तुम्ही पिशवीतून बाहेर काढलीच आहे, तर नीट सांगतो.

आमचा हेळवी सुगी संपली की येतो. बैलाची घंटा वेशीपाशी वाजली की आज्जी सूप भरून भात काढून ठेवायची. तो ओट्यावर बसायचा, वही मांडीवर उघडायचा आणि गायला लागायचा. वही कन्नडातली, आमचं घर मराठी, आणि गाणं दोन्हीच्या मधलं कुठलंतरी. गंमत अशी, की पानं उलटत असला तरी त्याची नजर आज्जीच्या तोंडावर असायची. ती मान हलवत राहिली की गाडी पुढे. एखाद्या नावाला ती म्हणायची, "त्यो न्हवं, त्याचा धाकटा. थोरला गोव्याला गेला त्यो परत आलाच न्हाई की." लगेच गाणं थांबायचं, कानामागची पेन्सिल निघायची, वहीत काहीतरी खुडबूड व्हायची आणि गाणं पुन्हा दोन पिढ्या मागून सुरू. त्याचं पाठांतर वहीच्या आधारानं आणि वही आज्जीच्या आठवणीच्या आधारानं. त्या ओट्यावर तोंडी कुठलं आणि लेखी कुठलं हे मला कधी वेगळं काढता आलं नव्हतं. लेखात मी ते सुरीनं कापल्यासारखं वेगळं केलं.

आता जातं. कॉलेजात असताना मी आज्जीच्या ओव्या उतरवून घ्यायला बसलो होतो. नवी कोरी दोनशे पानी वही, मी खुर्चीवर, ती खाली. "सांग." तिला एक धड ओवी आठवेना. पहिली ओळ यायची आणि गप्प. मला वाटलं वय झालं. मग तिनंच परसात पालथं पडलेलं जातं आणायला लावलं, दाणे न घालता नुसता खुंटा धरून फिरवायला लागली, आणि ओवी कशी, पाण्याच्या पाटासारखी. माझा हात पुरेना. आठवण तिच्या डोक्यात नव्हतीच, खांद्यात होती.

त्यातली एक ओवी तिचा भाऊ बाजारातून चोळी घेऊन येतो अशी. पहिल्या दिवशी मी 'खानापूरचा बाजार' असं लिहिलं. चार दिवसांनी तीच ओवी 'नंदगडचा बाजार' म्हणून आली. मी पक्का विद्यार्थी, वही दाखवून विचारलं, यातलं बरोबर कुठलं? ती म्हणाली, "भाऊ जिकडनं आला तिकडलं."

हे ऐकून त्या वेळी मी हसलो होतो. पण एकनाथांनी १५८४ साली ज्ञानेश्वरीची प्रत शुद्ध केली तेव्हा नेमकी ह्याचीच वाट बंद केली: जो यात आपली ओवी घालील त्यानं अमृताच्या ताटात नरोटी, म्हणजे नारळाची करवंटी, ठेवली समजा. ग्रंथाला ते हवंच होतं. लोकांनी शेकडो वर्षं ज्याला तोंडात घोळवलं त्याचं मूळ हरवत चाललं होतं. पण आज्जीच्या ओवीला कुणी असं शुद्ध केलं असतं, तर नंदगडहून आलेल्या भावाला आयुष्यभर खानापूरहूनच यावं लागलं असतं.

झोपेचा मुद्दा मात्र तुमचाच. गावात पिठाची गिरण आली त्या दिवशी आज्जीनं मारुतीला नारळ फोडला होता, आणि त्यानंतर ती जात्यावर बसली ती फक्त माझ्या वहीसाठी. हे मी लेखात लिहायला हवं होतं. आणि ओव्या टिकल्या त्याही लिहिण्यामुळेच. हेमा राइरकर आणि गी पॉइतवाँ यांनी महाराष्ट्रातल्या खेड्यापाड्यांतून एक लाखाच्या वर ओव्या गोळा केल्या नसत्या, तर गिरणीबरोबर त्याही गेल्या असत्या.

तुमच्या आजोबांच्या अंगठ्यावर मी काय बोलणार. मराठीत निरक्षराला 'अक्षरशत्रू' म्हणतात. ज्याला अक्षरानं बुडवलं त्यालाच अक्षराचा शत्रू म्हणायचं, हा शब्द कुणा लिहिणाऱ्यानंच काढलेला असणार. तुम्ही साक्षरतेच्या वर्गाला येणाऱ्या बायकांचं लिहिलंय, पहिल्यांदा सही केल्यावर एकीनं पाटी पुसायला नकार दिला ते, त्यापुढे माझा अख्खा लेख फिका आहे.

पण बाई, अंगठा जाऊन सही आली म्हणून कागद आपला होतो का? आमच्या माळ्यावर एक पत्र्याची पेटी आहे. पणजोबा मोडी लिहायचे. पेटीतले निम्मे कागद त्यांच्या हातचे: बोरूचा फर्राटा, अक्षराला अक्षर लागलेलं, वर एक सरळ लांब रेघ. आजोबा थोडं मोडी वाचायचे. वडील मराठी शाळेत शिकले, पण बाळबोध, म्हणजे देवनागरी. मोडी तोवर शाळेतून उठली होती. त्यांना वडिलोपार्जित कागद म्हणजे मुंग्यांची रांग. मग १ नोव्हेंबर १९५६ ला बेळगाव जिल्हा म्हैसूर राज्यात गेला आणि पुढे दप्तर कन्नड झालं. जमिनीचा उतारा, म्हणजे पहाणी, आली ती वडिलांना वाचता येईना. माझी मुलगी कन्नड छान वाचते, ती पहाणी वाचते, पण आजोबांची मराठी पत्रं तिला अडखळत वाचावी लागतात, आणि पणजोबांचे कागद तर कुणालाच नाहीत. चार पिढ्यांत आमच्या घरात एकही पुरुष निरक्षर नाही. तरी प्रत्येक पिढीला आदल्या नाहीतर पुढच्या पिढीचा कागद दुसऱ्याच्या तोंडून ऐकावा लागला.

पणजोबांचं नाव धाकलू. कन्नड उताऱ्यात ते कधीतरी 'दाकलू' झालं. लिहिणारा बिचारा जसं बोलला जातं तसं लिहून मोकळा झाला असेल. पण कागदावरचा दाकलू आणि घरातला धाकलू हा एकच माणूस, हे सिद्ध करायला वडिलांनी दोन वर्षं हेलपाटे घातले. कुठल्या कचेरीत ते सांगत नाही, तिथे आता दुसरी माणसं आहेत. ॲफिडेव्हिट, पंच, पुन्हा ॲफिडेव्हिट. हेळव्यानं नाव चुकवलं तर आज्जी ओट्यावरून हाक मारून दुरुस्त करायची. इथे आज्जी स्वतः जाऊन म्हणाली, "माझा सासरा हो तो, मला ठाव न्हाई व्हय त्याचं नाव?" तर साहेब म्हणाले, लेखी आणा.

आता काही वाचक यात सीमाप्रश्न शोधतील, म्हणून तेही सांगून टाकतो. हे सोंग आपणही केलेलं आहे. पेशवाईपासून या भागात कारभाराची भाषा मराठी, लिपी मोडी. इंग्रजी अमलातही सुरुवातीला तेच चाललं. धारवाडकडच्या कन्नड मुलांना मराठी शाळांत बसावं लागायचं. इंग्रज सरकारचा अधिकारी वॉल्टर इलियट आणि पुढे शिक्षणखात्यातले डेप्युटी चन्नबसप्पा यांनी जोर लावला तेव्हा तिथे कन्नड शाळा उभ्या राहिल्या. तेव्हा कुठल्यातरी बसप्पाचं नाव आपल्या कुळकर्ण्यानं मोडीत वेडंवाकडं केलंच असणार, आणि त्यालाही कुणी म्हणालं असेल, लेखी आणा.

आता तुमचं ते शेवटचं वाक्य. लिहिणं नसतं तर इतिहास नसता.

नंदगडपासून जवळच हलशी. तिथे कदंब राजांचे ताम्रपट सापडले, पाचव्या-सहाव्या शतकांतले, संस्कृतात. एकात काकुस्थवर्म्यानं श्रुतकीर्ती नावाच्या सेनापतीला शेत दिल्याचं आहे. म्हणजे आपल्या तालुक्यातलं इतकं जुनं लिखाण, तेही जमिनीचा कागदच, फक्त तांब्याचा. देणाऱ्याचं नाव आहे, घेणाऱ्याचं आहे. ते शेत कसणारा कोण होता? तो इतिहासात नव्हता असं म्हणायचं का आपण?

आणि खुद्द नंदगड. इंग्रजांविरुद्ध लढलेल्या संगोळ्ळी रायण्णाला १८३१ च्या जानेवारीत इथंच फाशी दिलं. त्याच्या माणसांनी सरकारी कचेऱ्या जाळल्या होत्या, आणि कचेरीत तेव्हा दप्तराशिवाय जाळण्यासारखं होतं काय? इंग्रजांच्या कागदात तो बंडखोर आहे. लोकांच्या लावण्यांत तो आजही लढतोय, आणि समाधीपाशी मूल होण्यासाठी नवस बोलून पाळणे बांधतात. हलशीचे ताम्रपट वाचून छापले ते फ्लीट नावाच्या इंग्रज अधिकाऱ्यानं. त्यानंच पुढे १८८० च्या दशकात इकडच्या कन्नड लावण्याही छापल्या, हलगली गावच्या बेडांचं, म्हणजे बेरडांचं, १८५७ चं बंड त्यातलंच. ज्या सरकारविरुद्ध बंड झालं त्याच्याच नोकराला कळलं होतं, की ताम्रपटाशेजारी लावणीलाही जागा द्यायला हवी.

आणखी एक. 'लीळाचरित्र' म्हाइंभटांनी कसं केलं हे तुम्ही शाळेत शिकवलं असेलच: चक्रधरांना ज्यांनी पाहिलं, ऐकलं, त्यांच्याकडे जाऊन, विचारून विचारून. पुढे धामधुमीत पोथी गेली. मग ग्रंथ पुन्हा उभा राहिला तो ज्यांना पाठ होता त्यांच्या तोंडून, आणि त्यातला एक पाठ आजही एका बाईच्या नावानं ओळखला जातो, हिराइसा पाठ. मराठीतला पहिला मोठा गद्यग्रंथ ऐकून लिहिला गेला, हरवला आणि ऐकूनच परत आला.

तुम्ही म्हणाल, आठवणीलाही मालक असतात. असतात. वेद अक्षर न् अक्षर, स्वरासकट पाठ ठेवले, पदपाठ, क्रमपाठ, घनपाठ अशी कुलुपं लावून, आणि ती कुलुपं बायकांना आणि शूद्रांना बाहेर ठेवायलाही वापरली. तिथे तुमची पाटीच श्रेष्ठ, यात वाद नाही. माझी तक्रार लिहिण्याबद्दल नाहीच, हे तुमच्यामुळे मला नीट कळलं. ज्या दिवसापासून कचेरीत आज्जीच्या बोलण्याला किंमत राहिली नाही, त्या दिवसाबद्दल आहे. मागच्या लेखात मी दोन्ही एकच समजून रडलो होतो.

जाता जाता हेळव्याचं पुढचं. त्या वहीत मुलींची नावं नसतात. आज्जी गेली, तिचंही नाव नाही, ती फक्त दुरुस्त्या करणारी. गेल्या वर्षी तो आला तेव्हा माझ्या मुलीनं शेजारी बसून पानं उलटून पाहिली. तिला कन्नड येतं, त्यामुळे घरात ती वही वाचू शकलेली ती पहिलीच. तिनं विचारलं, "माझं नाव कुठाय?" हेळवी जरा घुटमळला, माझ्याकडे बघितलं, मग भाताची एक पायली जास्तीची मागितली आणि माझ्या नावाखाली तिचं नाव लिहिलं. तिनं स्पेलिंग तपासलं, एक काना दुरुस्त करून घेतला.

मग तो गायला लागला. पणजोबा, आजोबा, वडील, मी. आणि संपलं. तिचं नाव आलंच नाही. ती म्हणाली, आत्ताच लिहिलंत ना? तो ओशाळून म्हणाला, "लिहिलंय की अव्वा. पण जिभेला अजून सवय नाही."

यंदा सुगी झाली की तो येईल. नाव घेतो का बघतो, आणि इथे कळवतो.