नोकरीचं नंतर बघू, आधी वकील बघा

इंदूरच्या मराठी घरात बी.एड. झालेलं मूल असेल आणि त्याला सरकारी शाळेत मास्तर व्हायचं असेल, तर भंवरकुव्याच्या कोचिंगवर पैसे उधळू नका. तेवढ्यात बरा वकील येतो. परीक्षा काय, कुणीही देतं. खरी भरती निकालानंतर सुरू होते.

यादी लागते रात्री. मोबाईलवर पीडीएफ उघडा, बोटाने सरकवत आपलं नाव शोधा. नाव, वडिलांचं नाव, जन्मतारीख, प्रवर्ग, गुण, सगळं बरोबर निघेल. तिथेच ओरडू नका. शेवटचा रकाना बघा, शेऱ्याचा. तिथे ‘होल्ड’ लिहिलेलं असेल तर मात्र अभिनंदन, तुमची निवड झालेली आहे आणि झालेलीही नाही.

ही सोय कशी झाली तेही माहीत असावं. 2019 मध्ये मध्य प्रदेश सरकारने ओबीसी आरक्षण 14 टक्क्यांवरून 27 वर नेलं. वरच्या 13 टक्क्यांवरून लोक न्यायालयात गेले. मग सरकारने 87-13 चा तोडगा काढला: 87 टक्के जागांचा निकाल लावायचा आणि उरलेल्या 13 टक्क्यांसाठी ओबीसी आणि खुला अशा दोन्हीकडच्या उमेदवारांना थांबवून ठेवायचं. म्हणजे एकाच बोहल्यावर दोन नवरदेव उभे, अंतरपाट धरलेला आणि भटजी तारखेला जबलपूरच्या हायकोर्टात गेलेले. पुढे ते तिथूनही दिल्लीला, सर्वोच्च न्यायालयात गेले. रामबागेतल्या काकूंनी ‘मुलगा काय करतो?’ विचारलं की ‘शिक्षण खात्यात होल्डवर आहे’ म्हणा. खोटं नाही, आणि ऐकायला हुद्द्यासारखं वाटतं.

आता याचिकेची तयारी. निवड यादीत नाव आहे म्हणजे नेमणुकीचा हक्क मिळाला असं नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने 1991 सालीच सांगून ठेवलंय. सरकारने मनमानी करू नये, हेही त्याच निकालात आहे. पहिलं वाक्य सरकारी वकील वाचेल, दुसरं तुमचा. मग पुढची तारीख.

उत्तरतालिका चुकली म्हणून भांडायचं असेल तर अवश्य भांडा, वेळ छान जातो. उत्तर प्रदेशातल्या शिक्षकभरतीच्याच एका प्रकरणात न्यायालयाने सांगितलंय की शंका असेल तर फायदा परीक्षा मंडळाला, उमेदवाराला नाही. भरती 2009 ची, हा निकाल डिसेंबर 2017 चा. घाई केली असं कुणी म्हणू शकणार नाही.

आणि हो, ज्यांच्या नेमणुकीवर घाला येईल त्यांनाही प्रतिवादी करायला विसरू नका, नाहीतर तेवढ्यावरच याचिका अडकते. काल ज्याच्याबरोबर छप्पन दुकानला पोहे खाल्ले त्याला आज नोटीस पाठवताना थोडं अवघड वाटेल. पाठवा. तोही तुमच्याविरुद्ध वकालतनाम्यावर सही करूनच पोहे खायला आला होता.

जास्त शिकण्याचा मोह तर टाळाच. 28 जून 2018 ला एनसीटीईने, म्हणजे शिक्षकांची पात्रता ठरवणाऱ्या केंद्रीय परिषदेने, बी.एड. वाल्यांना पहिली ते पाचवीचं दार उघडलं. पोरं धावली. 11 ऑगस्ट 2023 ला सर्वोच्च न्यायालयाने ते बंद केलं: प्राथमिकला डी.एल.एड. (प्राथमिक शिक्षकांची पदविका) लागतं, बी.एड. चालत नाही. (कायद्याच्या दृष्टीने बरोबर असेल, लहान मुलांना शिकवणं खरंच वेगळं असतं. पण पाच वर्षं दार उघडं ठेवणाऱ्याला कुणी काही विचारलं नाही.) एप्रिल 2024 मध्ये खुलासा आला की त्या तारखेआधी रीतसर नेमलेल्यांच्या नोकऱ्या शाबूत. तेव्हा बाळांनो, गुणांपेक्षा रुजू झाल्याची तारीख जपा. रुजू अहवालाची सही-शिक्क्याची प्रत देवघरात ठेवली तरी चालेल.

सुनावणीच्या आदल्या संध्याकाळी कॉजलिस्ट, म्हणजे दुसऱ्या दिवशीच्या खटल्यांची यादी, बघायची सवय लावा. आपला नंबर 140 च्या पुढे असेल तर डबा घेऊन जा. पाटीवरचे आकडे 60 च्या आसपास थांबतात आणि मग जेवायची सुट्टी होते. आपला नंबर न लागता कोर्ट उठलं तर वकिलावर चिडू नका, ते तेव्हा दुसऱ्या याचिकाकर्त्याला हेच समजावत असतात. एम.जी. रोडवरून राजवाड्याकडे चालत निघा, वाटेत अभ्यास करा. अभ्यासक्रमाचा नव्हे, रोस्टरचा, म्हणजे कुठली जागा कुठल्या प्रवर्गाची त्या तक्त्याचा.

इतकं करून एक दिवस नेमणुकीचं पत्र आलंच, तर सरळ शेवटच्या ओळीवर जा: ‘सदर नियुक्ती याचिकेच्या अंतिम निकालाच्या अधीन राहील.’ पेढे आणा, पण पाव किलोच. आणि वकिलांचा नंबर डिलीट करू नका.