जप्त गाडी आणि कोर्टाच्या अटी: म्हापशाच्या वाचकाला उत्तर

पोलिसांनी जप्त केलेली गाडी खटला चालू असताना कोर्टाच्या अटींवर मालकाला द्यावी, या मागच्या लेखावर म्हापशाच्या एका वाचकाने सडेतोड लिहिलंय. म्हणणं असं, की खटला संपण्याआधी गाडी मालकाला देणं म्हणजे पुरावा हातचा घालवणं, आणि कोर्टाच्या अटी म्हणजे छापील मजकूर, तो पाळतो कोण? शेवटी गोव्याच्या हद्दीपलीकडे महाराष्ट्रात असलेल्या इन्सुली नाक्यावरून खोचक प्रश्न: "इन्सुलीला दारूसकट धरलेली गाडीही अशीच सोडायची का?"

राग समजतो. पण गाडी पोलीस स्थानकाच्या आवारात राहिली म्हणजे पुरावा शाबूत राहिला, असं तुम्ही धरून चालता. गोव्यात वर्षाला ३००० मिलीमीटरच्या आसपास पाऊस पडतो. पहिल्या चतुर्थीपर्यंत चाकांभोवती रान माजतं, दुसऱ्या पावसाळ्यात पत्रा कुजतो, आणि बॅटरी कुठे जाते ते विचारूच नये. पाच वर्षांनी साक्षीदार त्यात काय ओळखणार?

सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये सुंदरभाई अंबालाल देसाई प्रकरणात हेच सांगितलं: जप्त वाहनं पोलिसांकडे पडून ठेवण्यात अर्थ नाही, योग्य बंधपत्र, हमी आणि तारण घेऊन लगेच आदेश करा. तेव्हा फौजदारी प्रक्रिया संहितेची ४५१ आणि ४५७ ही कलमं होती. १ जुलै २०२४ पासून त्यांच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची ४९७ आणि ५०३ आली. ४९७ प्रमाणे मालमत्ता कोर्टापुढे आल्यापासून १४ दिवसांत तिचं वर्णनपत्र करायचं, फोटो काढायचे, लागलं तर व्हिडिओही, आणि पुढच्या ३० दिवसांत तिचं काय करायचं याचा आदेश द्यायचा. हे वर्णन आणि फोटो खटल्यात पुरावा म्हणून वापरायचे, असं कलमातच आहे. तेव्हा पुरावा जातो कुठे?

सुपूर्दनाम्यावर, म्हणजे कोर्टाला लिहून दिलेल्या हमीवर, गाडी मिळते तो फक्त तात्पुरता ताबा. विकायची नाही, गहाण टाकायची नाही, रंग बदलायचा नाही, इंजिन आणि चासी नंबरला हात लावायचा नाही, बोलावलं की हजर करायची. यातली न विकण्याची अट माझ्या मते सगळ्यात कामाची आणि सगळ्यात दुर्लक्षित. आदेशाची प्रत आरटीओत पोचली आणि गाड्यांच्या नोंदणीच्या सरकारी 'वाहन' पोर्टलवर नोंद झाली, तर मालकी बदलताना काम अडतं. नाही झाली, तर कारवारला गिऱ्हाईक मिळायला किती वेळ लागतो? तुमची तक्रार इथे रास्त आहे, फक्त ती अटीवर नको, ती न राबवणाऱ्यांवर करा.

उलट टोकाचंही बोललं पाहिजे. रेंट-अ-बाईकवाल्याने दिलेल्या स्कूटरवर गिऱ्हाईक हणजुणेत गांजासकट सापडलं, आणि मालकाकडे स्कूटरच्या पूर्ण किमतीची बँक हमी मागितली, तर तो ती आणणार कुठून? तेवढे पैसे असते तर दुसरी स्कूटर घेऊन तो धंद्याला लागला असता. अमली पदार्थांच्या प्रकरणातही गाडी सोडायला सरसकट बंदी नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये बिश्वजित डे प्रकरणात स्पष्ट केलं. माल खुद्द मालकाकडे किंवा त्याच्या माणसाकडे सापडला तर गाडी सहसा सुटत नाही. गाडी चोरीची असली, किंवा माल मालकाशी संबंध नसलेल्या तिसऱ्याच माणसाचा असला, तर सहसा अटींवर सोडावी.

आणि अटी नुसत्या छापील असतात म्हणता, तर विमा नसलेल्या गाडीच्या मालकाला विचारा. अपघातात कोणी मेलं किंवा जखमी झालं आणि थर्ड पार्टी विमा नसला, तर भरपाईपुरतं तारण दिल्याशिवाय गाडी सुटत नाही. तीन महिन्यांत ते दिलं नाही तर गाडीचा लिलाव, आणि पैसे भरपाईसाठी अपघात न्यायाधिकरणाकडे.

आता इन्सुली. पत्रादेवीचा नाका ओलांडला की गोव्याचा अबकारी कायदा मागे राहतो आणि महाराष्ट्राचा दारूबंदी कायदा लागतो. त्यात गाडी सरकारजमा करण्याची तरतूद आहे. अर्जही तिकडच्याच कोर्टात करावा लागतो, म्हापशाला किंवा पणजीला नाही. "माझ्या नकळत झालं" एवढ्यावर तिथे भागत नाही. गाडी भाड्याने दिली असेल तर करार, ड्रायव्हर पगारी असेल तर त्याच्या नेमणुकीचा कागद, आरसी बुक आणि विमा, एवढं वकिलाच्या हातात दिल्याशिवाय अर्ज करूच नका.