तारकोव्हस्कीला रशियाने कामच करू दिलं नाही?

सोव्हिएत चित्रपट दिग्दर्शक आंद्रेई तारकोव्हस्कीबद्दलचा एक मजकूर सिनेमावेड्यांच्या ग्रुपवर अधूनमधून फिरत असतो. सोव्हिएत सरकारने त्याला कामच करू दिलं नाही, सगळ्या चित्रपटांवर बंदी घातली, मग देशाबाहेर हाकललं आणि शेवटी विषारी जागी शूटिंग करायला लावून त्याचा जीव घेतला, असं त्यात म्हटलेलं असतं. छळ झालेला कलावंत आपल्याला फार भावतो, त्यामुळे पडताळणी कोण करणार!

कामाचंच आधी बघू. त्याचे पूर्ण लांबीचे चित्रपट सात. त्यातले पाच सोव्हिएत संघात, सरकारी पैशातून झाले. पहिल्याच ‘इव्हान्स चाइल्डहूड’ला १९६२ साली व्हेनिस महोत्सवात गोल्डन लायन हा सर्वोच्च पुरस्कार मिळाला (विभागून), आणि तो सोव्हिएत थिएटरांत व्यवस्थित चालला. ‘सोलारिस’ही लागला, लोकांनी पाहिला. ‘स्टॉकर’चं उदाहरण तर या मजकुराला पार आडवं करणारं आहे. बाहेरच्या दृश्यांचं बरंचसं शूटिंग झाल्यावर फिल्म लॅबमध्ये खराब निघाली. कॅमेरामन गेओर्गी रेरबर्गशी बिनसलं, तो बाहेर पडला. इतकं झाल्यावर कुठल्याही खासगी निर्मात्याने हात वर केले असते. इथे चित्रपट दोन भागांचा असल्याचं कागदावर दाखवून सरकारकडून नव्याने पैसे आणि मुदत मिळवली गेली आणि तो जवळजवळ पहिल्यापासून पुन्हा चित्रित झाला.

बंदीचा मुद्दा मात्र साफ खोटा नाही. ‘आंद्रेई रुब्लेव’ १९६६ मध्ये तयार होता, सोव्हिएत प्रेक्षकांसमोर रीतसर आला डिसेंबर १९७१ मध्ये. मधली पाच वर्षं नुसतं भिजत घोंगडं. हिंसा फार आहे, लांबी फार आहे, इतिहास काळवंडून दाखवलाय, अशा हरकती. १९६९ साली फ्रान्समधल्या कान चित्रपट महोत्सवात तो स्पर्धेबाहेर आणि पहाटे चार वाजता दाखवला गेला, तरी समीक्षकांचा पुरस्कार घेऊन आला! गंमत म्हणजे २०५ मिनिटांचा चित्रपट १८६ मिनिटांवर आला, त्यातली काटछाट आपल्याला मान्य असल्याचं तारकोव्हस्कीनेच पुढे सांगितलं. नोकरशाहीचं खरं हत्यार बंदीपेक्षा वितरण हे होतं. ‘मिरर’वर बंदी नव्हती. त्याला वितरणासाठी खालची श्रेणी दिली, मोजक्या प्रिंट काढल्या आणि विषय संपवला. माझ्या मते हे बंदीहून जास्त बेरकी, कारण कागदोपत्री काहीच सापडत नाही.

हाकलून दिलं, हेही चूक. १९८२ मध्ये तो ‘नोस्टाल्जिया’साठी परवानगीने इटलीला गेला. परत जाणार नाही, हे त्याने स्वतः जुलै १९८४ मध्ये मिलानच्या पत्रकार परिषदेत जाहीर केलं. सरकारवर खरा ठपका ठेवायचा तर तो मुलाबाबत ठेवावा. मुलगा मॉस्कोतच अडकवून ठेवला होता. वडिलांना कॅन्सर झाल्याचं कळल्यानंतर, १९८६ च्या सुरुवातीला कुठे त्याला सोडलं. त्याच वर्षी डिसेंबरात तारकोव्हस्की पॅरिसमध्ये वारला.

राहिला विषाचा भाग. ‘स्टॉकर’चं बरंच शूटिंग एस्टोनियात, ताल्लिनजवळच्या जुन्या वीजकेंद्रापाशी झालं. नदीच्या वरच्या अंगाला रासायनिक कारखाना होता आणि त्यामुळेच पुढे तारकोव्हस्कीसह युनिटमधले काही जण कॅन्सरने गेले, असं त्या चित्रपटाचा ध्वनिमुद्रक व्लादिमीर शारुन म्हणतो. ते अशक्य नाही, सिद्धही झालेलं नाही. पण तिथे शूटिंग करायचं हा निर्णय तारकोव्हस्कीचा होता, सरकारने त्याला तिथे नेऊन बसवलं नव्हतं.