एका फेरीचा हिशेब
अमेरिकेतल्या नॅसकार मोटार-शर्यतींचा चॅम्पियन ॲलन कुलविकी याच्यावरचा तुमचा लेख छान, पण तो विस्कॉन्सिन राज्यातल्या छोट्या ट्रॅकवरून 'नशिबाने' वर आला, असं त्यात म्हटलंय, हे काही पटलं नाही. नशीब कसलं डोंबलाचं! मेकॅनिकल इंजिनिअर झालेला गडी, टीमही स्वतःचीच. ज्युनिअर जॉन्सनसारख्या बड्या टीम-मालकाने बोलावलं तरी गेला नाही. १९९२ च्या हंगामाची अटलांटाची शेवटची शर्यत बघा. जिंकला बिल इलियट, पण कुलविकी १०३ फेऱ्या आघाडीवर, इलियट १०२. सर्वाधिक फेऱ्या आघाडीवर राहिल्याचे ५ बोनस गुण कुलविकीलाच मिळाले आणि हंगामाचा किताब १० गुणांनी खिशात! त्या दिवशी गाडीवरच्या 'थंडरबर्ड' या फोर्डच्या मॉडेलच्या नावातली 'टी-एच' ही अक्षरं उडवून त्याने 'अंडरबर्ड' केलं होतं, म्हणजे 'अंडरडॉग'वरची (दुबळा समजला जाणारा) कोटी. एवढं तरी लिहायचं होतं राव.