रग्बी युनियनचा प्रशिक्षक व्हायचंय? आधी भलताच खेळ खेळा

तुम्हाला रग्बी युनियनमधल्या एखाद्या राष्ट्रीय संघाचं प्रशिक्षकपद हवं असेल, तर पहिली अट अगदी साधी आहे. उमेदीच्या वर्षांत त्या खेळाच्या वाटेलाही जाऊ नका. शाळेपासून युनियन खेळलेली, त्यातच नाक-कान मोडून घेतलेली आणि म्हातारपणी क्लबचा ब्लेझर घालून मिरवणारी माणसं ढिगाने पडली आहेत. त्यांना रांगेत उभं राहू द्या. तुम्ही शेजारचा खेळ धरा. त्याचं नाव रग्बी लीग. चेंडू तसाच अंडाकृती, खांब तसेच, पास मागेच द्यायचा. फक्त पंधराऐवजी तेरा जण खेळतात. आणि हे तेरा जण परवा-परवापर्यंत युनियनवाल्यांच्या हिशेबी माणसांत जमा नव्हते.

जन्म कुठे घ्यायचा, तेही आधी ठरवा. उत्तर इंग्लंडमधलं विगन हे एकेकाळचं कोळशाच्या खाणींचं गाव उत्तम. आयर्लंडच्या युनियन संघाचा मुख्य प्रशिक्षक अँडी फॅरेलने १९७५ साली ही काळजी घेतली. त्याच वाटेने प्रशिक्षक झालेल्या शॉन एडवर्ड्सने तर १९६६ मध्येच घेतली होती. विगनमध्ये जन्मलेल्या मुलाला कोणता खेळ खेळायचा असं कोणी विचारत नाही. सतराव्या वाढदिवसाला एडवर्ड्सने विगन क्लबच्या करारावर सही केली. फॅरेल सोळाव्या वर्षी पहिल्या संघातून मैदानात उतरला. त्याच वर्षी तो बापही झाला. हा मुलगा पुढे लागणार आहे, त्याला विसरू नका.

मग तेरा-चौदा वर्षं मन लावून खेळा. फॅरेलसारखं एकविसाव्या वर्षी ग्रेट ब्रिटनचं कर्णधारपद मिळवा. हंगामातल्या सर्वोत्तम खेळाडूला मिळणारा ‘मॅन ऑफ स्टील’ किताब दोनदा घ्या, १९९६ मध्ये एकदा आणि २००४ मध्ये एकदा. क्लबसाठी तीन हजारांवर गुण करा. हे सगळं नीट जपून ठेवा, कारण दक्षिणेत, म्हणजे युनियनच्या मुलखात गेल्यावर त्याबद्दल कोणीही विचारणार नाही. आणि जिथे हे घडलं ते मैदान बघायला म्हणून विगनची वारी करू नका. सेंट्रल पार्क १९९९ मध्ये पाडलं, आता तिथे टेस्कोचं सुपरमार्केट आहे. ट्रायलाइन, म्हणजे जिच्यापलीकडे चेंडू टेकवला की गुण मिळतात ती रेषा, नेमकी कोणत्या फळीखालून जायची, हे बिस्किटं लावणाऱ्या पोराला विचारून त्याचा वेळ खाऊ नका.

जन्मसालाच्या बाबतीत मात्र हयगय चालणार नाही. फार लवकर जन्मलात तर हा सल्ला कुचकामी. त्याचं कारण सहा शिलिंग.

एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी उत्तरेतले खाणकामगार आणि गिरणी कामगार रग्बीत उतरले आणि दक्षिणेतल्या साहेबांना हरवू लागले. शनिवारी सामना खेळायचा म्हणजे पाळी बुडायची, पाळी बुडाली की मजुरी बुडायची. उत्तरेतल्या क्लबांची मागणी एवढीच होती, की बुडालेल्या मजुरीपोटी खेळाडूला काहीतरी भरपाई द्यावी. इंग्लंडच्या रग्बी युनियनने १८९३ साली २८२ विरुद्ध १३६ मतांनी ती फेटाळली. खेळायला परवडत नसेल तर खेळू नये, असा एकंदर सूर होता. ज्यांची मजुरी कधी बुडालीच नाही त्यांना हा सूर फार गोड लागतो. २९ ऑगस्ट १८९५ रोजी हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेतले क्लब जमले आणि त्यांनी वेगळी चूल मांडली. भरपाईचा दर ठरला दिवसाला सहा शिलिंग. त्याच चुलीवर पुढे रग्बी लीग शिजलं.

त्यानंतर युनियनने जे सोवळं पाळलं, त्यापुढे आपल्याकडची कर्मठ मंडळीही लाजावीत. लीगला शिवला तो बाटला, आणि बाटला तो आयुष्यभर वाळीत. लीगचा सराव-सामना खेळून पाहायचा असेल तर खेळाडूच्या नावाच्या जागी ‘ए. एन. अदर’ असं छापत. कोणीतरी दुसराच, आम्ही नव्हेच! युनियनच्या खेळाडूंना मात्र सामन्यानंतर बुटात नोटा सापडायच्या. त्या तिथे कशा आल्या याची चौकशी करणं सभ्यपणाचं नव्हतं.

फ्रान्सने तर सोवळ्याला सरकारी शिक्काच मारला. १९४१ साली जर्मनांशी हातमिळवणी केलेल्या व्हिशी सरकारने तिथे लीगवर बंदी घातली आणि त्याची मालमत्ता जप्त केली. त्याच फ्रान्सच्या युनियन संघाला आज बचाव कोण शिकवतं? विगनचा शॉन एडवर्ड्स.

ऑगस्ट १९९५ मध्ये, शंभर वर्षं भरायला दोन-तीन दिवस असताना, पॅरिसमध्ये युनियनने जाहीर केलं, की आता पैसे घेऊन खेळायला हरकत नाही. कोणी माफी मागितली नाही. तुम्हीही अपेक्षा ठेवू नका. पुढच्याच मे महिन्यात युनियनमधला बाथ आणि लीगमधला विगन या दोन्ही खेळांतल्या बलाढ्य क्लबांमध्ये दोन सामने झाले. लीगच्या नियमांनी विगनने ८२-६ असा धुव्वा उडवला, युनियनच्या नियमांनी बाथने ४४-१९ अशी परतफेड केली. दोन्ही खेळ अवघड आहेत, असा याचा सरळ अर्थ. युनियनमधल्या बऱ्याच जाणकारांनी फक्त दुसरा निकाल लक्षात ठेवला.

आता संक्रमणाकडे वळू. तीस वर्षांचे होत आलात, गुडघे कुरकुरायला लागले, की युनियनमध्ये जा. फॅरेल २००५ मध्ये सॅरेसन्स या युनियन क्लबकडे गेला. वाजतगाजत गेला आणि थेट डॉक्टरांच्या टेबलावर पोचला. पहिला अख्खा हंगाम दुखापतींत गेला. मग याला खेळवायचं कुठे यावर खल सुरू झाला. पुढच्या फळीत फ्लँकर म्हणून, की मागच्या फळीत सेंटर म्हणून? तुमच्याबद्दलही असाच खल होईल. होऊ द्या. नव्या कचेरीत आलेल्या अनुभवी माणसाला कोणत्या टेबलावर बसवायचं हे सहा महिने ठरत नाही, तसंच हे.

इंग्लंडसाठी तो एकूण ८ सामने खेळला, सगळे २००७ सालचे. पहिला सामना स्कॉटलंडविरुद्ध, ‘कलकत्ता कप’चा. हा कप कशाचा आहे ते ऐकून ठेवा, गप्पांत उपयोगी पडेल. कलकत्त्यातला इंग्रजांचा रग्बी क्लब बंद पडला तेव्हा बँकेतली शिल्लक चांदीच्या रुपयांत काढून, ते रुपये वितळवून हा चषक घडवला. म्हणजे ज्या खेळाला खाणकामगाराचे सहा शिलिंग विटाळ वाटले, त्याची सगळ्यांत देखणी ट्रॉफी नगद रोकड्याची आहे. आणि रुपया आपल्याकडचा!

खेळाडू म्हणून तुम्ही फसलात असं एव्हाना सगळे म्हणत असतील. उत्तम, प्रशिक्षकपदाची पात्रता पूर्ण झाली. २००९ मध्ये निवृत्त व्हा आणि दुसऱ्या दारातून आत या. त्या दारावर ‘बचाव प्रशिक्षक’ अशी पाटी आहे. युनियनची मंडळी स्क्रम (खांद्याला खांदा लावून रेटारेटी), लाइनआउट (बाहेरून फेकलेल्या चेंडूसाठी रांगेत उड्या) आणि परंपरा यांच्यात इतकी गुंतलेली असतात, की समोरून पळत येणाऱ्याला पाडायचं कसं, हे शिकवायला बाहेरचा माणूस लागतो. १९९९ च्या विश्वचषकात ऑस्ट्रेलियाने सगळ्या स्पर्धेत मिळून फक्त एक ट्राय दिला, म्हणजे समोरच्यांना एकदाच रेषेपलीकडे चेंडू टेकवू दिला. बचाव प्रशिक्षक होता जॉन मगल्टन, जुना लीगवाला. २००३ मध्ये इंग्लंड जिंकलं, बचाव फिल लार्डरचा. तोही लीगचाच.

लीगमध्ये हे अंगात कसं मुरतं, ते जवळून बघा. आक्रमण करणाऱ्या संघाला सहा टॅकलपर्यंत, म्हणजे सहा वेळा पाडलं जाईपर्यंत, चेंडू मिळतो. तुम्ही एकाला पाडता. तो उठतो, चेंडू पायाने मागे सारतो. तेवढ्यात तुम्ही दहा मीटर मागे पळायचं, रांगेत उभं राहायचं आणि चेंडू हलला की सगळ्यांनी एकदम पुढे झेपावायचं. पाडा, उठा, मागे पळा, वळा, पुन्हा झेपावा. मधल्या फळीतला माणूस एका सामन्यात असे तीस-चाळीस टॅकल करतो. रांगेतला एक जण अर्धं पाऊल मागे राहिला की तिथे भोक पडतं, आणि ते कोणामुळे पडलं हे सगळ्या स्टँडला दिसतं. इथे लाइनआउटची विश्रांती नाही, स्क्रमचा आडोसा नाही. या मजुरीची दहा-पंधरा वर्षं झाली, की त्यावर पाट्या आणि बाण काढून तिला ‘डिफेन्स सिस्टीम’ म्हणायचं आणि दक्षिणेत विकायचं. एडवर्ड्सने ती आधी वॉस्प्स क्लबला विकली, मग वेल्सला. २००८ च्या सिक्स नेशन्समध्ये, म्हणजे युरोपातल्या सहा देशांच्या वार्षिक स्पर्धेत, वेल्सने पाच सामन्यांत मिळून दोन ट्राय दिले. तीन ग्रँड स्लॅम (या स्पर्धेतले पाचही सामने जिंकणं) वेल्सकडून, एक फ्रान्सकडून. इंग्लंडकडून शून्य. गावचा वैद्य गावाला चालत नाही.

पण फक्त यशावर थांबू नका. बायोडेटात एक राष्ट्रीय आपत्ती हवीच. २०१५ चा विश्वचषक इंग्लंडमध्येच होता आणि फॅरेल इंग्लंडचा सहायक प्रशिक्षक होता. आधी वेल्सने २८-२५ ने हरवलं, मग ट्विकनमवर, इंग्लंडच्या घरच्या मैदानावर, ऑस्ट्रेलियाने ३३-१३ ने. यजमान गटातच बाद! लगेच शोध सुरू झाला, आणि खापर फुटलं सॅम बर्जेसला घेण्याच्या निर्णयावर. बर्जेस लीगमधून नुकताच आलेला. त्याला घेणारे लीगमधून आलेल्या फॅरेलचंच ऐकत होते, अशी कुजबुज झाली. बाकी बहुतेक खेळाडू जन्मजात युनियनवाले होते, पण ते मध्ये आणणं असभ्यपणाचं झालं असतं. नवा मुख्य प्रशिक्षक एडी जोन्स आला आणि फॅरेलला नारळ मिळाला.

नारळ मिळाला की तो घेऊन शेजाऱ्याकडे जा. आयर्लंडने २०१६ मध्ये त्याला बचाव प्रशिक्षक केलं. त्याच नोव्हेंबरात शिकागोत आयर्लंडने न्यूझीलंडला ४०-२९ असं हरवलं, १११ वर्षांत पहिल्यांदा. १७ मार्च २०१८ ला, म्हणजे नेमक्या सेंट पॅट्रिक्स डेला, ट्विकनमवर इंग्लंडला २४-१५ हरवून ग्रँड स्लॅम. ज्यांनी काढलं त्यांच्याच अंगणात, त्यांच्याच थंडीत. यावर पत्रकार परिषदेत काही बोलू नका. फॅरेलही फारसं बोलत नाही. खेळाडू त्याला ‘फॅझ’ म्हणतात आणि त्याचे विगनी हेल आता डब्लिनला पाठ झाले आहेत.

२०१९ च्या विश्वचषकानंतर तो मुख्य प्रशिक्षक झाला. २०२२ मध्ये न्यूझीलंडमध्ये जाऊन मालिका जिंकली, २०२३ मध्ये पुन्हा ग्रँड स्लॅम, शेवटचा सामना पुन्हा इंग्लंडविरुद्ध. इंग्लंडकडून दहा नंबरची जर्सी घालून कोण उतरलं होतं? सोळाव्या वर्षी झालेला तो मुलगा, ओवेन. त्याने एव्हाना इंग्लंडसाठी ढीगभर गुण केले होते आणि त्याच वर्षी सर्वाधिक गुणांचा विक्रमही मोडला. मुलगा शत्रुपक्षात असेल तोवर बाप निःपक्षपाती ठरतो, हे टिपून ठेवा.

कारण २०२५ मध्ये फॅरेल इंग्लंड, स्कॉटलंड, वेल्स आणि आयर्लंड यांच्या एकत्रित संघाचा, म्हणजे ब्रिटिश अँड आयरिश लायन्सचा, मुख्य प्रशिक्षक होऊन ऑस्ट्रेलियाला गेला. ३८ जणांत १५ आयर्लंडचे निवडले, तेव्हाच भुवया उंचावल्या. दौऱ्यात इलियट डेलीचा हात मोडला आणि बदली खेळाडू म्हणून बोलावणं आलं ओवेन फॅरेलला. वशिला, घराणेशाही, सगळं निघालं. आपल्याला हा विषय नवा नाही, तेव्हा सल्ला देण्याची गरज नाही. मेलबर्नच्या मैदानावर ९० हजारांवर माणसं. ऑस्ट्रेलिया २३-५ ने पुढे. ओवेन दुसऱ्या सत्रात बदली म्हणून उतरला. शेवटच्या मिनिटाला ह्यूगो कीनन डाव्या कोपऱ्यात घुसला, आणि मग पंच पडद्यावर तो क्षण पुन्हा पुन्हा बघत राहिले, की जॅक मॉर्गनने समोरच्याला नियमात राहून ढकललं की मानेवर आदळला? ट्राय दिला गेला. २९-२६. मालिका खिशात. पंचांनी हात उलटा फिरवला असता तर घराणेशाहीवरचे लेख आणखी महिनाभर चालले असते.

एक डाग मात्र राहू द्या, सगळं मिळालेल्या माणसाला मुलाखतीला कोणी बोलावत नाही. आयर्लंडने विश्वचषकात बाद फेरीचा एकही सामना आजवर जिंकलेला नाही. २०२३ मध्ये लागोपाठ १७ विजय मिळवून ते उपांत्यपूर्व फेरीत उतरले आणि न्यूझीलंडकडून २८-२४ ने हरले. शेवटी ३७ वेळा चेंडू फिरवत पुढे सरकत राहिले आणि रेषा काही गाठता आली नाही. समोरचा बचाव हलला नाही. पुढची स्पर्धा २०२७ मध्ये ऑस्ट्रेलियात आहे. त्यात २० ऐवजी २४ संघ असतील आणि उपांत्यपूर्व फेरीच्या आधी आणखी एक बाद फेरी वाढवली आहे. म्हणजे परंपरेप्रमाणे उपांत्यपूर्व फेरीत हरूनही, बाद फेरीतला पहिला विजय पदरात पडायची सोय आयोजकांनी करून ठेवली आहे.