जॉनी सेक्स्टन मोठ्या सामन्यांत कोलमडत असे, हा दावा टिकत नाही

आयर्लंडचा माजी कर्णधार जॉनी सेक्स्टन याच्याविषयीचा एक मजकूर रग्बी पाहणाऱ्या मंडळींमध्ये पुनःपुन्हा फिरत असतो. त्याचा मथितार्थ असा की, चार विश्वचषक खेळूनही हा खेळाडू बाद फेरीतला एकही सामना जिंकू शकला नाही. मोठ्या सामन्यात त्याची किक हमखास चुकत असे. ऐन उमेदीच्या काळात पैशांसाठी देश सोडून तो फ्रान्सला गेला. आणि शेवटी केवळ नावाच्या जोरावर अडतिसाव्या वर्षापर्यंत संघातली जागा अडवून बसला. हा मजकूर वाचून ज्यांनी सेक्स्टनचा एकही सामना पाहिलेला नाही त्यांचे मत तयार होते, याचे मला मनापासून वाईट वाटते. म्हणून एकेक मुद्दा घेऊन त्याला उत्तर देत आहे.

रग्बीची फारशी ओळख नसलेल्यांसाठी दोन वाक्ये आधी लिहितो. सेक्स्टन दहा क्रमांकाची जर्सी घालणारा फ्लाय-हाफ होता. चेंडू हातात आल्यावर तो पळवायचा, पास करायचा की किक मारायचा, हे ठरवण्याचे काम प्रामुख्याने या खेळाडूकडे असते. चेंडू प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपलीकडे नेऊन जमिनीला टेकवला की ट्राय होतो. ट्रायला पाच गुण, त्यानंतरच्या कन्व्हर्जन या किकला दोन, प्रतिस्पर्ध्याच्या चुकीबद्दल मिळालेल्या पेनल्टी किकला तीन आणि चालू खेळात चेंडू जमिनीवर टेकवून उडवलेल्या ड्रॉप गोललाही तीन गुण मिळतात. यातल्या किक बहुधा दहा क्रमांकाचाच खेळाडू मारत असल्यामुळे पराभवाचे खापर त्याच्या माथी फोडणे फार सोपे जाते.

पहिला मुद्दा विश्वचषकाचा. चारही स्पर्धांत आयर्लंड उपांत्यपूर्व फेरीत बाहेर पडला, हे खरे आहे. पण ते चार सामने एकेक करून पाहिले, तर चित्र बदलते. २०११ मध्ये वेलिंग्टनला वेल्सविरुद्ध १०-२२ असा पराभव झाला, तेव्हा दहा क्रमांकावर रोनन ओगाराने सुरुवात केली होती आणि सेक्स्टन बदली खेळाडू म्हणून नंतर उतरला. २०१५ मध्ये कार्डिफला अर्जेंटिनाने ४३-२० असे हरवले, तेव्हा सेक्स्टन मैदानावरच नव्हता. आदल्या आठवड्यात फ्रान्सविरुद्ध त्याला दुखापत झाली होती. त्याच सामन्यात कर्णधार पॉल ओकॉनेल आणि पीटर ओमाहनी हेही जायबंदी झाले आणि शॉन ओब्रायनवर बंदी आली. म्हणजे ‘चार वेळा अपयशी’ या हिशेबात एक सामना असा धरलेला आहे, जो त्याने खेळलाच नाही. राहिले दोन. २०१९ मध्ये टोकियोत न्यूझीलंडने आयर्लंडचा ४६-१४ असा धुव्वा उडवला. त्या दिवशी संपूर्ण संघ निष्प्रभ होता, सेक्स्टनही होता, आणि त्याबद्दल कोणतीही सबब पुढे करण्याचे कारण नाही.

दुसरा सामना १४ ऑक्टोबर २०२३ चा, पॅरिसजवळच्या स्टाद द फ्रान्समधला. न्यूझीलंड २८, आयर्लंड २४. याच सामन्याचा दाखला सर्वाधिक दिला जातो. उत्तरार्धात सेक्स्टनची एक पेनल्टी चुकली, हे नाकारता येणार नाही. अंतर चार गुणांचे असल्यामुळे ते तीन गुण मिळूनही आयर्लंड जिंकला नसता, असे त्याचे काही चाहते म्हणतात. तो युक्तिवाद मला पटत नाही. ते तीन गुण असते, तर शेवटच्या मिनिटांत आयर्लंडला ट्रायची गरज उरली नसती आणि एका पेनल्टीने किंवा ड्रॉप गोलने सामना फिरला असता. तेव्हा ती किक महाग पडली, हे मान्य करू. मात्र रोनन केलरने रेषेपलीकडे नेलेला चेंडू जॉर्डी बॅरेटने आपले शरीर खाली घालून जमिनीला टेकू दिला नाही, आणि शेवटचे आक्रमण ३७ फेजपर्यंत लांबल्यावर सॅम व्हाइटलॉकने चेंडू हिसकावला, याही गोष्टी त्याच सामन्यात घडल्या. फेज म्हणजे एक धडक, खेळाडू खाली पडणे आणि तिथून पुन्हा चेंडू बाहेर काढणे. हे सलग सदतीस वेळा करण्यासाठी अडतीस वर्षांचा सेक्स्टन शेवटच्या क्षणापर्यंत मैदानावर होता.

आणखी एक गोष्ट त्या मजकुरात सोयीस्करपणे गाळलेली असते. विश्वचषकाची उपांत्यपूर्व फेरी आयर्लंडने आजवर आठ वेळा गाठली आणि आठही वेळा गमावली. त्यातला पहिला पराभव १९८७ मध्ये सिडनीत ऑस्ट्रेलियाकडून झाला, तेव्हा सेक्स्टन दोन वर्षांचाही नव्हता. ब्रायन ओड्रिस्कॉल, पॉल ओकॉनेल, कीथ वूड यांच्यासारख्या दिग्गजांनाही ती पायरी ओलांडता आली नाही. देशाच्या रग्बीला इतकी वर्षे छळणारा प्रश्न एका माणसाच्या पायाशी बांधणे हा अन्याय आहे.

आता मोठ्या सामन्यांत किक चुकण्याचा मुद्दा, ज्यावर मला सविस्तर लिहायचे आहे, कारण खरा अपप्रचार इथे आहे. या आरोपाला आधार म्हणून २४ नोव्हेंबर २०१३ चा डब्लिनमधला सामना सांगितला जातो. आयर्लंड न्यूझीलंडविरुद्ध २२-१७ ने पुढे होता, सहा-एक मिनिटे उरली होती आणि सेक्स्टनची पेनल्टी बाहेर गेली. ऐंशी मिनिटे उलटून गेल्यावर न्यूझीलंडने ट्राय आणि कन्व्हर्जन साधून सामना २४-२२ असा जिंकला. हा प्रसंग खरा आहे आणि तो त्याला सलत राहिला असणार. पण मोठा सामना कशाला म्हणायचे, हे एकाच पराभवावरून ठरवायचे का?

मे २००९ मध्ये डब्लिनच्या क्रोक पार्कवर ८२,२०८ प्रेक्षकांसमोर सेक्स्टनचा लेन्स्टर आणि मन्स्टर या दोन आयरिश प्रांतांच्या संघांमध्ये युरोपीय चषक या क्लब स्पर्धेचा उपांत्य सामना झाला. लेन्स्टरचा फ्लाय-हाफ फेलिपे कोन्तेपोमी जायबंदी झाला आणि तेवीस वर्षांच्या सेक्स्टनला उतरावे लागले. आल्या आल्या त्याच्यासमोर पेनल्टी ठेवली गेली. अंगात ऊब नाही, पायाला चेंडूचा स्पर्श नाही, समोर गतविजेता मन्स्टर आणि त्यांचा ओगारा. ती किक त्याने साधली आणि लेन्स्टरने सामना २५-६ असा जिंकला. तीन आठवड्यांनी एडिंबराला लेस्टर या इंग्लिश क्लबविरुद्धच्या अंतिम सामन्यात लेन्स्टरने १९-१६ अशी बाजी मारली, त्यात सेक्स्टनचा लांबवरून उडवलेला ड्रॉप गोल होता आणि विजयी पेनल्टीही त्याचीच होती.

दोन वर्षांनी कार्डिफला नॉर्दम्प्टनविरुद्धच्या अंतिम सामन्यात लेन्स्टर मध्यंतराला ६-२२ असा मागे पडला होता. ड्रेसिंग रूममध्ये सेक्स्टन उठून बोलला. २००५ मध्ये इस्तंबूलला लिव्हरपूलने तीन गोलांची पिछाडी कशी भरून काढली, याची त्याने आठवण करून दिली, असे त्याच्या सहकाऱ्यांनी पुढे सांगितले आहे. बोलून तो थांबला नाही. उत्तरार्धाच्या पहिल्या पंधरा मिनिटांतच त्याने दोन ट्राय केले. नॉर्दम्प्टनला पुढे एकही गुण मिळाला नाही, सामना ३३-२२ असा सुटला आणि त्यातले २८ गुण एकट्या सेक्स्टनचे होते. युरोपीय चषकाच्या अंतिम सामन्यात एवढी मोठी पिछाडी भरून काढणाऱ्या माणसाला ‘मोठ्या सामन्यांत कोलमडणारा’ म्हणायचे, तर शब्दांना काही अर्थच उरत नाही.

तरीही कोणाची खात्री पटत नसेल, तर ३ फेब्रुवारी २०१८ ची पॅरिसमधली शेवटची काही मिनिटे पाहावीत. सिक्स नेशन्स या सहा युरोपीय देशांच्या वार्षिक स्पर्धेचा पहिलाच सामना, पाऊस पडून ओले झालेले मैदान आणि निसरडा चेंडू. टेडी तोमासच्या ट्रायमुळे फ्रान्स १३-१२ असा पुढे गेला होता. आयर्लंडने आपल्याच २२ मीटर रेषेवरून खेळ पुन्हा सुरू केला आणि मग एकेचाळीस फेजपर्यंत चेंडू हातचा जाऊ दिला नाही. एक चेंडू सुटला किंवा एकदा पंचांची शिट्टी वाजली, की सगळे संपणार होते. मधेच सेक्स्टनने मैदानाच्या दुसऱ्या टोकाला आडवी किक मारली आणि कीथ अर्ल्सने उडी घेऊन ती झेलली. हरलो असतो, तर याच किकवरून त्याला आयुष्यभर बोल लावले गेले असते. ऐंशी मिनिटे कधीच संपली होती. त्र्याऐंशीव्या मिनिटाला कॉनर मरेने मागे पास दिला आणि सेक्स्टनने चाळीस मीटरहून जास्त अंतरावरून ड्रॉप गोल मारला. चेंडू आडव्या दांडीवरून जेमतेम पलीकडे गेला. आयर्लंड १५, फ्रान्स १३, आणि ते पंधराही गुण सेक्स्टनचे. त्या वर्षी आयर्लंडने पाचही सामने जिंकून ग्रँड स्लॅम मिळवला, जो देशाच्या इतिहासातला तिसराच होता. वर्षअखेरीस सेक्स्टन जगातला सर्वोत्तम खेळाडू ठरला. २००१ मध्ये कीथ वूडला मिळालेल्या या सन्मानानंतर तो मिळवणारा हा दुसरा आयरिश खेळाडू.

फ्रान्सला जाण्याच्या मुद्द्यावर फार लिहिण्यासारखे नाही. २०१३ ते २०१५ अशी दोन वर्षे तो पॅरिसच्या रासिंग क्लबकडून खेळला आणि तिथे त्याला मोबदला जास्त मिळाला, हे उघड आहे. व्यावसायिक खेळाडूची कारकीर्द पुढच्या एखाद्या टॅकलमध्येही संपू शकते. अशा माणसाने कमाईचा विचार केला, तर त्यात लाजिरवाणे काय आहे? शिवाय ‘देश सोडला’ हा शब्दप्रयोगच चुकीचा आहे. परदेशी क्लबच्या खेळाडूंना सहसा न निवडणाऱ्या आयर्लंडने त्याच्यासाठी अपवाद केला आणि नेमक्या त्याच दोन हंगामांत, २०१४ आणि २०१५ मध्ये, आयर्लंड सिक्स नेशन्सचा विजेता ठरला. २०१४ चे विजेतेपद ज्या सामन्यात निश्चित झाले, त्या पॅरिसमधल्या २२-२० अशा विजयात दोन ट्राय सेक्स्टनचे होते. डोक्याला वारंवार मार बसल्यामुळे त्याला बारा आठवडे खेळापासून दूर ठेवले गेले, तेही याच काळात. फेब्रुवारी २०१५ मध्ये तो फ्रान्सविरुद्ध परतला, त्या सामन्यात मातिउ बास्तारोशी टक्कर होऊन पुन्हा रक्तबंबाळ झाला, आणि तरीही पाच पेनल्टी मारून त्याने आयर्लंडला १८-११ असा विजय मिळवून दिला. त्याच्या डोक्याची काळजी तेव्हा मला वाटली होती आणि आजही वाटते; टीका करायचीच असेल, तर खेळाडूंच्या मेंदूला होणाऱ्या इजेकडे हा खेळ कसा पाहतो, यावर करावी.

राहिला नावावर जागा अडवण्याचा आरोप. जुलै २०२२ मध्ये सेक्स्टनच्या नेतृत्वाखाली आयर्लंडने न्यूझीलंडमध्ये जाऊन कसोटी मालिका २-१ अशी जिंकली. त्याआधी न्यूझीलंडला त्यांच्याच भूमीवर आयर्लंडला एकदाही हरवता आले नव्हते. त्याच महिन्यात तो सदतीस वर्षांचा झाला आणि त्या वर्षी जगातल्या सर्वोत्तम खेळाडूच्या सन्मानासाठी नामांकन मिळालेल्या चौघांत तो होता. मार्च २०२३ मध्ये इंग्लंडला २९-१६ असे हरवून आयर्लंडने आणखी एक ग्रँड स्लॅम साधला, आणि त्याच सामन्यात सिक्स नेशन्समधला ओगाराचा ५५७ गुणांचा विक्रम सेक्स्टनने मोडला. नावावर खेळणाऱ्याची कामगिरी अशी नसते.

प्रामाणिकपणे हेही नोंदवायला हवे की, जुलै २०२२ ते ऑक्टोबर २०२३ या काळात आयर्लंडने जे सलग सतरा सामने जिंकले, त्यातल्या सहा सामन्यांत दुखापतीमुळे किंवा बंदीमुळे सेक्स्टन नव्हता. ती बंदी त्याने स्वतःच ओढवून घेतली होती. मे २०२३ मध्ये ला रोशेलविरुद्धचा युरोपीय अंतिम सामना लेन्स्टरने एका गुणाने गमावला, तेव्हा जायबंदी असल्यामुळे खेळत नसूनही तो मैदानात जाऊन पंचांना नको ते बोलला. ते वर्तन कर्णधाराला शोभणारे नव्हते, आणि तीन सामन्यांची शिक्षा योग्यच होती. मात्र त्याच्याविना जिंकलेल्या सहा सामन्यांपैकी तीन विश्वचषकापूर्वीच्या सरावाचे होते, एक फिजीविरुद्धचा होता आणि एक सिक्स नेशन्समधला इटलीविरुद्धचा. बलाढ्य म्हणता येईल असा प्रतिस्पर्धी उरतो ऑस्ट्रेलिया, आणि तो सामना आयर्लंडने १३-१० असा कसाबसा जिंकला. उलट न्यूझीलंड, फ्रान्स आणि दोनदा दक्षिण आफ्रिका यांना हरवताना दहा क्रमांकावर सेक्स्टनच होता. विश्वचषकात रोमानियाविरुद्ध तो परतला, तो दोन ट्रायसह २४ गुण घेऊनच, आणि पुढच्याच सामन्यात टोंगाविरुद्ध आयर्लंडसाठी सर्वाधिक गुणांचा विक्रमही त्याच्या नावावर झाला. ११८ सामने आणि १,१०८ गुण या हिशेबावर त्याने निवृत्ती घेतली.

तरुणांची वाट त्याने रोखून धरली, असेही या आरोपाला जोडून म्हटले जाते. त्याच्या निवृत्तीनंतरची पहिली सिक्स नेशन्स २०२४ ची. तिचा पहिला सामना मार्सेला फ्रान्सशी होता, दहा क्रमांकाची जर्सी जॅक क्रॉलीच्या अंगावर होती, आणि आयर्लंडने तो ३८-१७ असा जिंकला. पाचही सामन्यांत क्रॉलीनेच सुरुवात केली आणि विजेतेपद आयर्लंडकडेच राहिले. हा क्रॉली सेक्स्टनच्या कर्णधारपदाच्या काळातच संघात आला होता आणि २०२३ च्या विश्वचषकात त्याचा राखीव फ्लाय-हाफ होता.