‘युरोप शहाणा, आपण करंटे’ या फिरत्या मजकुराला उत्तर

गेल्या आठवड्यात भावकीच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर एक लांबलचक मजकूर येऊन पडला. ‘युरोप शहाणा, आपण करंटे’ असे त्याचे शीर्षक होते आणि शेवटी ‘जास्तीत जास्त लोकांपर्यंत पोहोचवा’ ही नेहमीची आज्ञा होती. असल्या मजकुराकडे मी एरवी दुर्लक्ष करतो. परंतु या वेळी तो पाठवणारे आमचे दाजी होते. शिरोलीच्या एमआयडीसीत त्यांची लहानशी फाउंड्री, म्हणजे धातूच्या ओतकामाचा कारखाना, आहे, घरच्या म्हशींचे दूध रोज सकाळी गावच्या संस्थेत जाते, आणि तरीही ‘दूध संघांनी देशाचे वाटोळे केले’ या वाक्याला त्यांनी ‘अगदी खरे’ अशी पुस्ती जोडली होती. म्हणून हे सविस्तर उत्तर.

मजकुराचे म्हणणे थोडक्यात असे. युरोपने सीमा पुसल्या म्हणून तिथले गरीब देश श्रीमंतांच्या पंक्तीला जाऊन बसले. ग्रीस तेवढा बुडाला, कारण ग्रीक लोक आळशी आणि फुकटे. भारताने २०१९ मध्ये आरसेप करारातून, म्हणजे आग्नेय आशियातील देश, चीन, जपान, दक्षिण कोरिया, ऑस्ट्रेलिया आणि न्यूझीलंड यांच्या व्यापार करारातून, पळ काढला, नाहीतर आज कोल्हापुरात परदेशी कारखान्यांची रांग लागली असती. सार्क, म्हणजे दक्षिण आशियाई देशांची सहकार्य संघटना, फसले ते केवळ पुढाऱ्यांच्या अहंकारापायी. आणि भांडवलाला देश नसतो, म्हणून सरकारने बाजूला व्हावे.

पहिल्या विधानात अर्धे सत्य आहे, ते नाकारण्याचे कारण नाही. १९५७ च्या रोम कराराने युरोपीय आर्थिक समुदाय स्थापन झाला तेव्हापासून युरोपातला अंतर्गत व्यापार वाढला, आयर्लंड, पोर्तुगाल आणि पुढे पोलंड यांची परिस्थिती सुधारली. पण सीमा पुसल्या त्या आतल्या. बाहेरच्या मालासाठी १९६८ पासून सर्वांचे एकच सामायिक आयातशुल्क लागू झाले, आणि शेतीला १९६२ पासून सामायिक धोरणाचे संरक्षण होते, ज्यावर एके काळी त्या समुदायाच्या अंदाजपत्रकाचा निम्म्याहून मोठा वाटा खर्च होत असे. मागास प्रदेशांसाठीचा निधी आजही एकूण खर्चाच्या तिसऱ्या हिश्शाच्या आसपास आहे. आपल्या ऊसपट्ट्याला हे वेगळे सांगायला नको: युरोपातील साखरेच्या उत्पादनावर २०१७ पर्यंत कोटा होता, आणि त्यांची निर्यात-अनुदाने नियमबाह्य असल्याचा निकाल जागतिक व्यापार संघटनेत २००५ मध्ये लागला, तो ब्राझील, ऑस्ट्रेलिया आणि थायलंड यांच्या तक्रारीवरून. त्यांपैकी ब्राझील आणि ऑस्ट्रेलिया यांनीच ग्वाटेमालाला सोबत घेऊन भारताच्या ऊसदराविरुद्ध आणि साखर अनुदानाविरुद्ध तक्रार केली आणि डिसेंबर २०२१ मध्ये निकाल मिळवला. म्हणजे युरोपने जे साधले ते बाजार मोकळा सोडून नव्हे, तर पैसा ओतून आणि कुंपण घालून साधले. मजकूर नेमका याच्या उलट निष्कर्ष काढतो.

आता ज्या वाक्याने खरोखर संताप आला त्याकडे येतो. ग्रीक लोक आळशी आहेत हे विधान कोणत्या मोजणीवर उभे आहे? आर्थिक सहकार्य व विकास संघटनेची, म्हणजे ओईसीडीची, आकडेवारी कोणालाही पाहता येते: २००९ नंतरच्या कर्जसंकटाच्या काळात ग्रीसमध्ये काम करणारा माणूस वर्षाला सुमारे २,००० तास काम करत होता आणि जर्मनीतला १,४०० तासांच्या आसपास. ग्रीक सरकारने हिशेब लपवले हे मात्र खरे आहे; २००९ च्या ऑक्टोबरात नवे सरकार आले तेव्हा तुटीचा आकडा आधी सांगितला होता त्याच्या दुपटीच्या घरात निघाला. तिथले धनिक कर बुडवत होते हेही खरे. पण मंत्र्यांनी केलेली लबाडी आणि जहाजमालकांनी वाचवलेला कर यांची शिक्षा निवृत्तिवेतनावर जगणाऱ्या म्हाताऱ्याला का व्हावी, याचे उत्तर ‘आळशी’ या शब्दाने कसे मिळते?

खरी गोम चलनात होती. ग्रीसने २००१ मध्ये युरो स्वीकारला आणि त्याबरोबर स्वतःच्या चलनाचे मूल्य कमी करून निर्यात सावरण्याचा मार्ग बंद झाला. जर्मनीने त्याच दशकात मजुरीची वाढ रोखून धरली, तिथे साचलेला पैसा जर्मन आणि फ्रेंच बँकांनी स्वस्त व्याजाने दक्षिणेकडे वाटला, आणि त्याच पैशातून उत्तरेचा माल विकला गेला. यावर कोणी म्हणेल की रुपयाही मुंबईपासून बिहारपर्यंत एकच आहे. आहे; पण आपल्याकडे वित्त आयोगाच्या शिफारशीनुसार केंद्राच्या विभाज्य करांतील ४१ टक्के वाटा राज्यांना जातो आणि त्यात मागास राज्यांना झुकते माप मिळते. युरोपीय संघाचे संपूर्ण अंदाजपत्रक सदस्य देशांच्या राष्ट्रीय उत्पन्नाच्या एक टक्क्याच्या आसपास आहे. चलन एक केले, तिजोरी मात्र एक केली नाही.

२०१० मध्ये युरो वापरणारे देश आणि आंतरराष्ट्रीय नाणेनिधी यांच्याकडून ग्रीससाठी ११० अब्ज युरोंचे पहिले ‘साहाय्य’ आले. ते कोणाला मिळाले, हे माझे मत म्हणून सांगत नाही. आंतरराष्ट्रीय नाणेनिधीने २०१३ मध्ये स्वतःच्याच कार्यक्रमाचे परीक्षण प्रसिद्ध केले, त्यात ही कबुली आहे. कर्जाची फेरआखणी लांबवल्यामुळे खासगी धनकोंना आपले पैसे काढून घेऊन ते ओझे सरकारी संस्थांवर ढकलायला अवधी मिळाला, आणि काटकसरीने होणाऱ्या घसरणीचा अंदाज फारच चुकला, असे खुद्द कर्ज देणाऱ्यानेच त्यात लिहिले आहे. किंमत कोणी मोजली तेही पाहावे. २०१२ मध्ये किमान वेतन २२ टक्क्यांनी आणि पंचविशीच्या आतल्यांसाठी ३२ टक्क्यांनी कापले गेले, अर्थव्यवस्था जवळजवळ एक चतुर्थांशाने आकसली, २०१३ मध्ये बेकारी २७ टक्क्यांवर गेली. जुलै २०१५ च्या सार्वमतात ६१ टक्के मतदारांनी कर्जाच्या अटी नाकारल्या आणि काही दिवसांतच त्या धर्तीच्या अटी मान्य कराव्या लागल्या. पुढे १४ विमानतळ जर्मन कंपनीच्या नेतृत्वाखालील गटाकडे आणि पिरेअस बंदराची बहुसंख्य मालकी चीनच्या कॉस्कोकडे गेली. एवढे सोसलेल्या लोकांना ‘फुकटे’ म्हणणारा हा शब्द उद्या एफआरपी, म्हणजे कारखान्याने द्यायचा उसाचा किमान दर, थकल्यावर रस्त्यावर येणाऱ्या ऊसउत्पादकासाठी तयारच ठेवलेला आहे, हे आपल्या माणसांच्या लक्षात येऊ नये याचे मला आश्चर्य वाटते.

आरसेपविषयी. ४ नोव्हेंबर २०१९ रोजी बँकॉकमध्ये भारताने नकार दिला, तेव्हा त्या १५ देशांशी आपली व्यापारतूट १०० अब्ज डॉलरच्या पुढे होती आणि तिच्यातला निम्मा वाटा एकट्या चीनचा होता. करार झाला असता तर कोल्हापुरात कारखाने का आले असते, हे मजकुरात कुठेही सांगितलेले नाही. पुण्या-चाकणला मोटारी बनू लागल्या त्याचे एक मोठे कारण तयार मोटारीवरचे जबर आयातशुल्क हे आहे, आणि शिरोली, गोकुळ शिरगाव, कागल इथल्या फाउंड्र्यांच्या कास्टिंगला मागणी आली ती तिथूनच. शुल्क उतरले की काय होते याचा अनुभवही आहे: २००४ मध्ये थायलंडशी ८२ वस्तूंपुरता करार झाला, त्यात गिअरबॉक्स आणि बेअरिंगसारखे सुटे भाग होते, आणि आपले सुट्या भागांचे उत्पादक पुढे वर्षानुवर्षे त्याबद्दल तक्रार करत राहिले. बाहेर राहण्याचीही किंमत असते, हे मी मान्य करतो. व्हिएतनामला परदेशी कारखान्यांची जी पुरवठा-साखळी मिळाली ती आपल्याला मिळाली नाही. पण करारात येण्यासाठी ज्या सेवाक्षेत्राच्या सवलती आपण मागत होतो, त्या पुरेशा मिळत नव्हत्या.

राहिले दूध, ज्यावरून मजकूर दूध संघांना दोष देतो. आरसेपमधला न्यूझीलंड आपल्या दुधातला फार मोठा भाग निर्यात करतो, तोही प्रामुख्याने भुकटीच्या रूपात. तिथली फोंटेरा हीसुद्धा शेतकऱ्यांचीच सहकारी संस्था आहे, त्यामुळे हा सहकार विरुद्ध आधुनिकता असा झगडाच नाही. जगात भुकटीचा भाव पडला की इथे काय होते, हे २०१८ च्या जुलैत दिसले: आयातशुल्काची भिंत उभी असतानाही निर्यात थांबली, भुकटी गोदामात पडून राहिली, गाईच्या दुधाचा खरेदीदर वीस रुपयांच्या खाली गेला आणि राज्यभर दूध रस्त्यावर ओतले गेले. फॅट आणि एसएनएफ (स्निग्धांश सोडून दुधातले बाकीचे घन घटक) लावून दर दहा दिवसांनी निघणाऱ्या बिलावर ज्या घरातला किराणा येतो, त्या घराने ती भिंतही पाडा म्हणावे, हे अनाकलनीय आहे.

सार्कबद्दल फार लिहीत नाही. राजकारण आडवे आले हे खरे. २०१४ च्या काठमांडूनंतर शिखर परिषदच झालेली नाही. पण साफ्ता हा सार्क देशांचा मुक्त व्यापार करार २००६ मध्ये लागू होऊनही आपसातला व्यापार पाच टक्क्यांच्या आसपास घुटमळतो, त्याला शेजाऱ्यांचे एकसारखे उत्पादन आणि सवलतीतून वगळलेल्या वस्तूंच्या प्रत्येकाच्या लांबलचक याद्याही कारण आहेत. २०११ मध्ये बांगलादेशी कपड्यांना शुल्कमुक्त प्रवेश मिळाल्यावर त्या वाटेने चिनी कापड आत येते, ही यंत्रमागवाल्यांची ओरड इचलकरंजीत कोणालाही विचारावी.

भांडवलाला देश नसतो, हे शेवटचे वाक्य ऐकायला भारदस्त आहे. डेप्फा ही जर्मन बँक २००२ मध्ये कमी कराच्या ओढीने डब्लिनला गेली आणि २००७ मध्ये म्युनिकच्या हायपो रिअल इस्टेटने ती विकत घेतली. २००८ च्या सप्टेंबरात तिचा अल्पमुदतीचा पतपुरवठा आटला आणि तिच्यापायी हायपोही बुडू लागली, तेव्हा हे भांडवल डब्लिनच्या नव्हे, बर्लिनच्या दाराशी जाऊन उभे राहिले, आणि पुढच्या वर्षी जर्मन सरकारने करदात्यांच्या पैशातून हायपो पूर्णपणे ताब्यात घेतली.